बंधुत्वाची शपथ आणि बाहेरचे जग : अल्फा फाय अल्फाचा वारसा

अमेरिकन महाविद्यालयांतील फ्रॅटर्निटी म्हणजे विद्यार्थ्यांनी स्वतः चालवलेला, पारखून घेतलेल्या सभासदांचा आणि आयुष्यभराच्या शपथेने बांधलेला बंधुसंघ. नावात दोन-तीन ग्रीक अक्षरे, प्रवेशाचा गुप्त विधी, खुणेचे हस्तांदोलन, ठरलेले रंग, ब्रीदवाक्य आणि पुष्कळदा एकत्र राहण्यासाठी स्वतःचे घर ही तिची लक्षणे. या संस्थेविषयी दोन टोकांची मते आहेत. समर्थकांना तीत मैत्री, नेतृत्वाचे शिक्षण आणि संकटात धावून येणारे मित्र दिसतात. टीकाकारांना दारू, रॅगिंग आणि वशिल्याची साखळी दिसते. दोन्ही मतांना भरपूर पुरावा आहे. म्हणून फ्रॅटर्निटी चांगली की वाईट, या प्रश्नापेक्षा ती केव्हा चांगली ठरते आणि केव्हा बिघडते, हा प्रश्न अधिक महत्त्वाचा आहे. १९०६ मध्ये कॉर्नेल विद्यापीठातील कृष्णवर्णीय विद्यार्थ्यांनी स्थापन केलेल्या अल्फा फाय अल्फा या बंधुसंघाचा इतिहास या प्रश्नाचे स्पष्ट उत्तर देतो. बंधुसंघाचे मोल त्याच्या आवाराबाहेरच्या कोणाला तो जाब देतो यावर ठरते, आणि जिथे असा जाब विचारणारा कोणी उरत नाही तिथे उदात्त हेतूने जन्मलेला संघही बिघडतो.

या प्रकारच्या संघटनांचा आरंभ ५ डिसेंबर १७७६ रोजी व्हर्जिनियातील विल्यम्सबर्ग येथे, विल्यम अँड मेरी कॉलेजात झाला. तिथे स्थापन झालेल्या फाय बीटा कॅपा या मंडळाने ग्रीक अक्षरांचे नाव, शपथ, पदक आणि गुप्त खूण या प्रथा प्रथम एकत्र आणल्या. त्या काळचे कॉलेज शिक्षण मुख्यतः ग्रीक-लॅटिनचे पाठांतर आणि कडक शिस्त यांवर उभे होते. ज्या विषयांवर वर्गात बोलता येत नसे त्यांवर मोकळेपणी वाद घालता यावा, यासाठी विद्यार्थ्यांना बंद दार हवे होते. १८२६ मध्ये न्यूयॉर्क राज्यात फ्रीमेसनांची गुपिते फोडण्याची तयारी करणारा विल्यम मॉर्गन बेपत्ता झाला आणि गुप्त संघटनांविरुद्ध देशभर संतापाची लाट उसळली. या वातावरणात हार्वर्डमधील फाय बीटा कॅपाने १८३१ मध्ये गुप्तता सोडून दिली. पुढे ही संघटना उत्तम विद्यार्थ्यांचा गौरव करणारी विद्वत्सभा बनली आणि आजही ती त्याच रूपात आहे.

आज ज्या अर्थाने फ्रॅटर्निटी हा शब्द वापरतात, ती मात्र न्यूयॉर्क राज्यातील स्केनेक्टडीच्या युनियन कॉलेजात घडली. १८२५ मध्ये कॅपा अल्फा सोसायटी आणि १८२७ मध्ये सिग्मा फाय व डेल्टा फाय या संघटना तिथे निघाल्या. त्यांत वादविवाद मागे पडला आणि मैत्री, सहवास व प्रतिष्ठा पुढे आली. १८४६ च्या सुमारास मिशिगन विद्यापीठात काय साय या संघाच्या विद्यार्थ्यांनी रानात ओंडक्यांची एक झोपडी उभारली. फ्रॅटर्निटीच्या मालकीचे पहिले घर म्हणून तिची नोंद घेतली जाते. यादवी युद्धानंतर कॉलेजे झपाट्याने वाढली, पण वसतिगृहे त्या प्रमाणात वाढली नाहीत. माजी सभासदांच्या पैशातून बांधलेल्या फ्रॅटर्निटी हाउसनी ती उणीव भरून काढली. राहणे, जेवणे, मित्र, खेळ, नृत्याचे कार्यक्रम आणि पदवीनंतर नोकरीची पहिली ओळख, हे सारे एकाच छपराखाली मिळू लागले. कॉलेजातील सामाजिक जीवनाच्या किल्ल्या अशा रीतीने एका खासगी संस्थेच्या हाती गेल्या.

किल्ल्या हाती आल्या की आत कोणाला घ्यायचे, हा प्रश्न केवळ मैत्रीचा राहत नाही. नव्या सभासदाची निवड गुप्त मतदानाने होई आणि बहुधा एखाद-दुसरे विरोधी मतही त्याला बाहेर ठेवायला पुरे होई. विसाव्या शतकाच्या पूर्वार्धात अनेक राष्ट्रीय संघांनी सभासदत्व गोऱ्या ख्रिस्ती पुरुषांपुरते मर्यादित करणारी कलमेच आपल्या घटनेत लिहून ठेवली होती. जिथे कलम नव्हते तिथे रूढी तेच काम करी. ज्यू विद्यार्थ्यांनाही हीच वागणूक मिळत असल्यामुळे झीटा बीटा टाऊसारखे ज्यू विद्यार्थ्यांचे संघ १८९८ पासून उभे राहू लागले. या व्यवस्थेला जाब विचारणारे कोणी नव्हते. संघ सभासदांना उत्तर देई, सभासद माजी सभासदांना, आणि ते सगळे एकाच वर्गातले, एकाच वर्णाचे होते.

इथाका येथील कॉर्नेल विद्यापीठ १८६८ मध्ये सुरू झाले तेव्हा कोणत्याही व्यक्तीला कोणत्याही विषयाचे शिक्षण मिळावे, हा संस्थापक एझ्रा कॉर्नेल यांचा संकल्प होता. पहिले अध्यक्ष अँड्र्यू व्हाइट हे फ्रॅटर्निटींचे पुरस्कर्ते होते, त्यामुळे तिथे हे संघ सुरुवातीपासूनच रुजले. कृष्णवर्णीय विद्यार्थ्यांना वर्गाचे दार उघडे होते, पण वर्गाबाहेरचे जग बंद होते. त्यांना राहण्यासाठी गावातील कृष्णवर्णीय कुटुंबांचा आसरा घ्यावा लागे. अभ्यासासाठी सोबती नसे. वरच्या वर्गातल्या कोणाकडून जुन्या प्रश्नपत्रिका किंवा चार समजुतीचे शब्द मिळण्याची सोय नसे. आदल्या वर्षी शिकत असलेले सहा कृष्णवर्णीय विद्यार्थी १९०५ च्या शैक्षणिक वर्षात परत आलेच नाहीत. बुद्धीची किंवा जिद्दीची कमतरता हे त्यामागचे कारण नव्हते. एकटेपणाचा भार माणसाला शिक्षणातून बाहेर ढकलू शकतो, हे मागे राहिलेल्यांच्या ध्यानात आले.

१९०५-०६ मध्ये या विद्यार्थ्यांनी आधी एक अभ्यासमंडळ चालवले. एकत्र वाचन, चर्चा आणि परीक्षेची तयारी असे त्याचे रूप होते. चार्ल्स पॉइंडेक्स्टर हा पदव्युत्तर विद्यार्थी त्याचा पुढारी होता. मंडळाने साहित्यिक मंडळच राहावे की फ्रॅटर्निटी व्हावे, यावर मतभेद झाले. पॉइंडेक्स्टरचा कल साहित्यिक मंडळाकडे होता. फ्रॅटर्निटीचा विचार बळावल्यावर तो बाजूला झाला. ४ डिसेंबर १९०६ रोजी फ्रॅटर्निटीचा निर्णय पक्का झाला. हेन्री कॅलिस, चार्ल्स चॅपमन, युजीन किंकल जोन्स, जॉर्ज केली, नॅथॅनियल मरे, रॉबर्ट ओगल आणि व्हर्टनर टँडी हे सात संस्थापक. संघात त्यांना आजही सात रत्ने म्हणतात. काळ बिकट होता. रेल्वेच्या डब्यापासून शाळेपर्यंत वर्णभेदाला १८९६ च्या प्लेसी खटल्यात सर्वोच्च न्यायालयाचीच मान्यता मिळाली होती, आणि स्थापनेच्या अडीच महिने आधी, सप्टेंबर १९०६ मध्ये, अटलांटा शहरात गोऱ्या जमावांनी कृष्णवर्णीय वस्तीत रक्तपात केला होता.

ज्या संस्थेने आपल्याला दारात उभे केले नाही, तिचेच रूप या तरुणांनी का उचलले, असा प्रश्न तेव्हाही विचारला गेला. मंडळींपैकी काही जण गोऱ्यांच्या फ्रॅटर्निटी हाउसमध्ये काम करून शिक्षणाचा खर्च भागवत होते. त्यामुळे या संघांचा डामडौल आणि त्यांचे बळ ही दोन्ही त्यांनी जवळून पाहिली होती. साहित्यिक मंडळ वर्ष संपताच विरते. शपथेने बांधलेला संघ पदवीनंतरही टिकतो, दुसऱ्या गावी शाखा काढतो, वर्गणी गोळा करतो आणि पुढच्या पिढीची वाट पाहतो. वगळलेल्या समाजाला नेमका हा टिकाऊपणा हवा होता. हे अनुकरण होते, यात शंका नाही. पण गोऱ्या विद्यार्थ्याला फ्रॅटर्निटी असलेल्या सवलतींत भर घालून देई. कृष्णवर्णीय विद्यार्थ्याला तीच रचना शिक्षण पुरे करण्याइतका आधार देत होती. एकाच आराखड्याची दोन ठिकाणी दोन कामे झाली.

संघाच्या परंपरांतही हे दुहेरी नाते दिसते. अक्षरे ग्रीक आहेत, पण बोधचिन्ह इजिप्तमधील गिझाचा स्फिंक्स आहे. युरोपच्या प्राचीन भाषेतून नाव घेताना या तरुणांनी प्रतीक मात्र आफ्रिकेच्या भूमीतून निवडले आणि आपल्या पूर्वजांनाही संस्कृती होती, हे ठासून सांगितले. १९१४ पासून निघणारे संघाचे मुखपत्रही स्फिंक्स याच नावाचे आहे. काळा आणि जुन्या सोन्याचा पिवळा हे संघाचे रंग. पुरुषार्थाची कृत्ये, विद्वत्ता आणि सर्व मानवजातीविषयी प्रेम ही उद्दिष्टे. सर्वांत पुढे राहणे, सर्वांची सेवा करणे आणि त्यातून सर्वांच्या वर उठणे हा ब्रीदवाक्याचा आशय. शाखांना ग्रीक वर्णमालेच्या क्रमाने नावे मिळतात: कॉर्नेलची अल्फा, १९०७ मध्ये वॉशिंग्टनच्या हॉवर्ड विद्यापीठात निघालेली बीटा. शेवटचे अक्षर ओमेगा मात्र कोणत्याही कॉलेजला दिले जात नाही. ते दिवंगत सभासदांच्या शाखेचे नाव आहे; सभासद वारला की तो ओमेगा शाखेत गेला, असे म्हणतात. गुलामगिरीतून स्वतःला मुक्त करून घेणारे आणि १८९५ मध्ये वारलेले थोर नेते फ्रेडरिक डग्लस यांनाही संघाने मरणोत्तर मानद सभासदत्व देऊन या शाखेत सामील करून घेतले.

कृष्णवर्णीयांच्या बंधुसंघांची आणखी एक मोठी परंपरा म्हणजे स्टेपिंग. रांगेत उभे राहून पावलांचे ठेके, टाळ्या, मांडीवरच्या थापा आणि घोष यांतून एका तालात साधलेले हे सामूहिक सादरीकरण आहे. त्यात आफ्रिकी नृत्यपरंपरा, लष्करी कवायत आणि चर्चमधील सवाल-जवाबाची रीत एकत्र आलेली दिसते. स्वतःची घरे नसलेल्या या संघांनी कॉलेजच्या मोकळ्या आवाराचेच रंगपीठ केले, त्यामुळे त्यांची परंपरा उघड्यावर, सर्वांच्या देखत वाढली. याहून महत्त्वाचा भेद पदवीनंतरच्या जीवनात आहे. अल्फा फाय अल्फाची पहिली पदवीधर शाखा १९११ मध्ये केंटकीतील लुइव्हिल शहरात निघाली. बहुतेक गोऱ्या संघांत माजी सभासदाचा संबंध देणग्या आणि स्नेहसंमेलनापुरता उरतो. इथे डॉक्टर, वकील, शिक्षक झालेला सभासद आपल्या गावच्या शाखेत आयुष्यभर काम करतो. संघ कॉलेजच्या भिंतींबाहेर पडला आणि समाजाच्या डोळ्यांसमोर उभा राहिला तो या शाखांमुळे.

संस्थापकांचे पुढचे आयुष्यही याला साक्ष देते. टँडी हा न्यूयॉर्क राज्यातील पहिला नोंदणीकृत कृष्णवर्णीय वास्तुरचनाकार झाला आणि हार्लेममधील सेंट फिलिप्स चर्चच्या रचनेत त्याचा वाटा होता. जोन्सने नॅशनल अर्बन लीगची धुरा वाहिली. खेड्यांतून औद्योगिक शहरांत येणाऱ्या कृष्णवर्णीय कामगारांना नोकरी आणि घरे मिळावीत, यासाठी ही संस्था झटत होती. कॅलिस डॉक्टर झाला आणि हॉवर्डच्या वैद्यकीय विद्यालयात त्याने शिकवले. संघाने पहिल्या महायुद्धानंतर कृष्णवर्णीय मुलांनी हायस्कूल आणि कॉलेजपर्यंत जावे, यासाठी देशव्यापी मोहीम काढली. १९३० च्या दशकात मताचा हक्क नसलेला समाज आशाहीन असतो, ही घोषणा देऊन मतदार नोंदणीचे काम हाती घेतले. दक्षिणेकडील राज्यांत मतदानासाठी कर आणि वाचनाच्या परीक्षा लादून कृष्णवर्णीयांना वगळले जात होते, तेव्हा हे काम जोखमीचे होते.

न्यायालयीन लढ्यातला वाटा याहून ठोस आहे. १९३५ मध्ये डोनाल्ड मरे या पदवीधराला केवळ वर्णामुळे मेरीलँड विद्यापीठाच्या विधी विद्यालयात प्रवेश नाकारला गेला. त्याच्या बाजूने दावा उभा करण्यात अल्फा फाय अल्फाने पुढाकार घेतला. चार्ल्स ह्यूस्टन आणि थरगुड मार्शल यांनी तो लढवला, हे दोघेही संघाचेच सभासद. बाल्टिमोरच्या न्यायालयाने मरेला प्रवेश देण्याचा आदेश दिला आणि १९३६ मध्ये राज्याच्या अपील न्यायालयाने तो कायम केला. रेल्वेच्या भोजनडब्यात कृष्णवर्णीयांना पडद्यामागे बसवण्याच्या प्रथेला आव्हान देणारा हेंडरसन खटलाही संघाच्या पाठबळावर लढला गेला. सभासद बेल्फर्ड लॉसन यांनी युक्तिवाद केला आणि १९५० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने निकाल हेंडरसन यांच्या बाजूने दिला. चार वर्षांनी ब्राऊन खटल्यात शाळांतील वर्णभेद घटनाबाह्य ठरला, तेव्हा मुख्य वकील मार्शलच होते. १९६७ मध्ये ते सर्वोच्च न्यायालयाचे पहिले कृष्णवर्णीय न्यायाधीश झाले.

सभासदांच्या यादीत विचारवंत डब्ल्यू. ई. बी. ड्यू बॉइस आहेत, ज्यांच्याशी डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी १९४६ मध्ये पत्रव्यवहार करून अस्पृश्यांच्या आणि अमेरिकेतील कृष्णवर्णीयांच्या स्थितीतील साम्य मांडले होते. १९३६ च्या बर्लिन ऑलिंपिकमध्ये चार सुवर्णपदके जिंकणारे जेसी ओवेन्स आहेत. बॉस्टन विद्यापीठात संशोधन करत असताना १९५२ मध्ये दीक्षा घेतलेले मार्टिन ल्यूथर किंग आहेत. किंग यांचे राष्ट्रीय स्मारक व्हावे, ही कल्पना संघाने १९८४ मध्ये मांडली. १९९६ मध्ये अमेरिकन काँग्रेसने तिला मंजुरी दिली आणि सुमारे १२ कोटी डॉलर उभे करून १६ ऑक्टोबर २०११ रोजी वॉशिंग्टनमध्ये ते लोकार्पण झाले. राजधानीच्या त्या भागात मुख्यतः राष्ट्राध्यक्ष आणि युद्धे यांची स्मारके होती. एका विद्यार्थी संघाने तिथे सत्तेचे कोणतेही पद न भूषवलेल्या कृष्णवर्णीय धर्मोपदेशकाला जागा मिळवून दिली.

अल्फा फाय अल्फाने घालून दिलेल्या वाटेवर इतरही आले. १९०८ मध्ये हॉवर्डमध्ये अल्फा कॅपा अल्फा ही कृष्णवर्णीय विद्यार्थिनींची पहिली भगिनीसंस्था निघाली. १९१३ मध्ये स्थापन झालेल्या डेल्टा सिग्मा थीटाच्या विद्यार्थिनींनी त्याच वर्षी मार्चमध्ये वॉशिंग्टनच्या स्त्री-मताधिकार मोर्चात भाग घेतला. १९३० मध्ये या संघटनांची राष्ट्रीय परिषद हॉवर्डमध्ये स्थापन झाली; आज तीत नऊ संघटना आहेत आणि त्यांना डिव्हाइन नाइन या नावाने ओळखतात. दाराच्या प्रश्नावरही दोन परंपरांत फरक पडला. अल्फा फाय अल्फाने सभासदत्वाच्या कलमातील वर्णाची अट १९४० च्या दशकातच काढून टाकली. त्याच दशकात, १९४८ मध्ये, अ‍ॅमहर्स्ट कॉलेजातील फाय कॅपा साय शाखेने एका कृष्णवर्णीय विद्यार्थ्याला सभासद करण्याचे ठरवताच राष्ट्रीय संघटनेने त्या शाखेची मान्यता काढून घेतली. गोऱ्या संघांची कलमे पुढील दोन दशकांत कॉलेजांच्या, राज्यांच्या आणि स्वतःच्याच तरुण सभासदांच्या दबावाखाली एकेक करून गळून पडली. बाहेरून जाब विचारला गेला तेव्हाच दार किलकिले झाले.

इथवरचा इतिहास वाचून पीडितांचा बंधुसंघ आपोआप चांगला आणि सत्ताधाऱ्यांचा आपोआप वाईट, असा निष्कर्ष काढणे सोपे आहे. पण तो टिकत नाही. पहिला आक्षेप वर्गाचा आहे. हॉवर्डमधील समाजशास्त्रज्ञ ई. फ्रँकलिन फ्रेझियर यांनी १९५० च्या दशकात कृष्णवर्णीय मध्यमवर्गावर लिहिताना या संघांवर कठोर टीका केली. कॉलेजपर्यंत पोहोचलेल्या मूठभरांची ही मंडळे थाटामाटात आणि प्रतिष्ठेच्या प्रदर्शनात गुंततात आणि गरीब समाजापासून तुटतात, असे त्यांचे म्हणणे होते. या टीकेत तथ्य आहे: कॉलेज शिक्षणाची अट ठेवणारी संस्था बहुसंख्यांना वगळूनच सुरू होते. तरी याच वर्गाच्या वर्गणीवर मरे आणि हेंडरसन यांचे खटले चालले. गावच्या शाखेतील डॉक्टरला रोज ज्या लोकांसमोर उभे राहायचे होते, त्यांनी त्याला आपल्या कर्तव्याची आठवण करून दिली. हा संबंध जिथे सैल झाला तिथे फ्रेझियर यांची टीका अक्षरशः खरी ठरली.

दुसरा आक्षेप अधिक गंभीर आहे, तो रॅगिंगचा. अमेरिकेत त्याला हेझिंग म्हणतात. कॉर्नेलमध्येच १८७३ साली कॅपा अल्फा सोसायटीच्या दीक्षेच्या वेळी एक नवखा विद्यार्थी रात्री घळीत कोसळून मरण पावला होता. कृष्णवर्णीयांच्या संघांनीही उमेदवारीचा दीर्घ काळ आणि त्यातली शारीरिक छळणूक उचलली आणि काही ठिकाणी ती अधिक कठोर केली. १९८९ मध्ये अटलांटाच्या मोअरहाउस कॉलेजात अल्फा फाय अल्फामध्ये येऊ पाहणारा एक विद्यार्थी अशा छळानंतर मरण पावला. १९९० मध्ये राष्ट्रीय परिषदेतील संघांनी उमेदवारीची जुनी पद्धत अधिकृतपणे बंद केली. पण मार न खाता आलेल्या सभासदाला कागदी सभासद म्हणून हिणवले जाऊ लागले आणि छळ चोरून चालू राहिला.

या हट्टामागे एक मानसिक कारण आहे. एलियट अ‍ॅरनसन आणि जडसन मिल्स यांनी १९५९ मध्ये केलेल्या प्रयोगात असे दिसले की गटात येण्यासाठी जितका जास्त त्रास सोसावा लागतो तितका तो गट माणसाला अधिक मोलाचा वाटतो. सोसलेल्या दुःखाला अर्थ हवा असतो, आणि तो अर्थ पुढच्याला तेच दुःख देऊन टिकवला जातो. गुलामगिरीत चाबकाखाली गेलेल्या पूर्वजांचे वंशज आपल्याच धाकट्या बंधूच्या पाठीवर लाकडी फळी मारतात, तेव्हा अन्यायाची आठवण त्यांना आवरत नाही, कारण त्या खोलीत बाहेरचे कोणी नसते. सार्वजनिक कामात संघ समाजाला उत्तर देत होता. दीक्षेच्या खोलीत तो फक्त स्वतःला उत्तर देत होता. या एका ठिकाणी अल्फा फाय अल्फा आणि कृष्णवर्णीयांना वगळणारे संघ सारखेच वागले.

यावर उपाय म्हणून काही कॉलेजांनी फ्रॅटर्निटी सरसकट बंद केल्या. विल्यम्स कॉलेजने १९६० च्या दशकात त्या हळूहळू मोडीत काढल्या, कोल्बी कॉलेजने १९८४ मध्ये बंदी घातली. जिथे संघांचे काम निवासाची सोय आणि करमणूक एवढेच होते, तिथे कॉलेजने ती सोय स्वतः केल्यावर फारसे काही गमावले गेले नाही. पण बंदीचा एकच न्याय सर्वांना लावला तर अल्पसंख्य विद्यार्थ्याला आजही उपयोगी पडणारा आधार त्याच्या हातून जातो. कॉर्नेलमध्ये १९०५ साली परत न आलेल्या सहा विद्यार्थ्यांना ज्याची गरज होती, ती गरज प्रवेशाच्या नियमांनी आपोआप भागत नाही.

म्हणून गुप्ततेतच दोन भाग पाडणे आवश्यक आहे. शब्द, खुणा, शपथ आणि विधी यांची गुप्तता निरुपद्रवी आहे. तिच्यामुळे आपलेपणा वाढतो आणि बाहेरच्या कोणाचे काही बिघडत नाही. नव्याने येणाऱ्या माणसाच्या शरीराशी काय केले जाते आणि दारातून कोणाला कशासाठी परत पाठवले जाते, याची गुप्तता मात्र कोणत्याही संघाला देता येत नाही. डिसेंबर २०२४ मध्ये संमत झालेल्या अमेरिकन कायद्याने कॉलेजांना रॅगिंगच्या घटनांची नोंद ठेवून त्या जाहीर करणे बंधनकारक केले. जो संघ मतदार नोंदणी आणि न्यायालयीन लढे उघडपणे, समाजासमोर करू शकला, त्याला दीक्षेचा हिशोबही समाजासमोर ठेवणे अशक्य नाही. तसा हिशोब दिला तर सात संस्थापकांनी निवडलेल्या रचनेचे बळ कायम राहील आणि तिचा सर्वांत जुना दोष दूर होईल.